उसनी काडेपेटी आणि परगण्याचे शहर : मायू लासिला यांच्या विनोदाचे स्वरूप

फिनिश लेखक मायू लासिला यांची ‘तुलितिक्कुया लाइनामास्सा’ (‘काड्या उसन्या मागायला’, १९१०) ही कादंबरी ‘खेडुतांची गंमत’ म्हणून वाचणे सोपे आहे. परंतु त्यामुळे तिच्या विनोदातील सामाजिक आशय नजरेआड होतो.

कथानक क्षुल्लक आहे. पूर्व फिनलंडमधील लिपेरी परिसरात घरातील काड्या संपतात, कॉफीची पंचाईत होते, म्हणून आना-लीसा नवऱ्याला, आन्ती इहालाइनेनला, शेजारी पाठविते. वाटेत विधुर युस्सी वातानेन त्याच्यावर सोयरीक जुळविण्याचे काम सोपवितो. पुढे दोघे योएन्सू या छोट्या शहराकडे निघतात, बऱ्याच वर्षांनी दारूची बाटली उघडते, आणि काड्या बाजूला राहतात.

शेजाऱ्याच्या घरी आन्ती मुद्द्यावर येतच नाही. गुरेढोरे, नातीगोती, हवापाणी असे बोलणे चालू राहते, कारण आल्याबरोबर मागणे घालणे त्याच्या समाजात असभ्य ठरते. हीच वळणावळणाची बोली शहरात पोलिसांच्या प्रश्नांसमोर येते, तेव्हा खरा विनोद घडतो. सरकारी प्रश्नाला एका शब्दाचे उत्तर हवे असते. गावकऱ्याच्या उत्तरात मात्र सारा गोतावळा येतो. येथे हतबल होते ती यंत्रणा. लासिला यांचे योएन्सू असे गावाच्या नजरेतून दिसते, हे त्यांचे मोठे यश होय.

दरम्यान दोघे अमेरिकेला गेल्याची वदंता पसरते. ती खरी वाटते, कारण त्या दशकांत फिनलंडमधून अमेरिकेकडे मोठे स्थलांतर होत होते आणि मागे राहिलेल्या स्त्रिया ही कल्पित बाब नव्हती. आना-लीसा ताहवो केनोनेन या शिंप्याशी लग्नाला तयार होते, त्यामागे चंचलता शोधणे व्यर्थ आहे. गोठा आणि शेत एकटीने चालत नाही, एवढे व्यावहारिक सत्य त्यात आहे.

‘मायू’ हे स्त्रीनाम आल्गोत उन्तोला (१८६८–१९१८) यांनी टोपणनाव म्हणून घेतले होते. यादवी युद्धात कामगारपक्षीय पत्रात अखेरपर्यंत लिहिणारा हा लेखक १९१८ मध्ये कैदेत असताना मारला गेला. श्रमिकांच्या बोलण्याविषयीचा त्याचा आदर या कादंबरीतही जाणवतो.

तरीही उत्तरार्धात योगायोग फार ताणले जातात. केनोनेनवर तर उघड अन्याय होतो. आन्ती परतताच त्याला बाजूला व्हावे लागते, आणि त्याचा अपेक्षाभंग केवळ हशासाठी खर्ची पडतो.