पात्रगणना आणि एककाचा प्रश्न : 'सुपर स्मॅश ब्रदर्स' या खेळमालेच्या संदर्भात

निंटेंडो या जपानी कंपनीच्या 'सुपर स्मॅश ब्रदर्स' या व्हिडिओ गेममालेची चर्चा निघाली की पात्रांच्या संख्येचा उल्लेख हटकून होतो. १९९९ मधील पहिल्या खेळात १२ पात्रे होती आणि २०१८ मधील खेळात, मागाहून आलेली पुरवणी-पात्रे जमेस धरता, ती ८९ झाली, एवढे सांगितले म्हणजे मालेचा विकास सांगून झाला असे समजले जाते. हे आकडे खोटे नाहीत. परंतु ते कशाचे आकडे आहेत असा प्रश्न विचारताच त्यांतील निश्चितपणा डळमळू लागतो. २००१ च्या खेळातील पात्रे कोणी २५ सांगतो, कोणी २६; २००८ च्या खेळातील पात्रे ३५ होतात किंवा ३९; आणि २०१८ च्या एकाच खेळातील पात्रे ८२, ८६ व ८९ अशा तीन प्रकारे मोजता येतात. मोजणाऱ्यांची बेरीज चुकते म्हणून हा मतभेद उद्भवतो असे नव्हे. 'एक पात्र' कशास म्हणावयाचे हे न ठरविताच मोजणीस प्रारंभ होतो, हे त्याचे खरे कारण आहे.

प्रथम खेळाचे स्वरूप थोडक्यात सांगितले पाहिजे. मासाहिरो साकुराई यांच्या दिग्दर्शनाखाली झालेल्या या मालेचे १९९९, २००१, २००८, २०१४ व २०१८ असे पाच टप्पे आहेत. उपनामे जपानी आणि इंग्रजी आवृत्त्यांत निरनिराळी असल्यामुळे येथे प्रत्येक खेळाचा निर्देश वर्षानेच केला आहे. २०१४ चा खेळ थ्रीडीएस हे हाती धरावयाचे यंत्र आणि वी यू हे घरगुती यंत्र अशा दोन यंत्रांसाठी निघाला, तथापि दोहोंतील पात्रे तीच असल्याने तो एकच टप्पा मानणे योग्य होय. मारिओ, लिंक, कर्बी, पिकाचू इत्यादी भिन्न भिन्न खेळांतील पात्रे येथे एका रिंगणात येतात आणि प्रतिपक्षास रंगमंचाबाहेर फेकणे हे प्रत्येकाचे उद्दिष्ट असते. प्रत्येक पात्राचे वजन, झेप, वेग आणि प्रहार वेगळे असतात. म्हणजे येथे पात्र ही चेहऱ्याची बाब तर आहेच, शिवाय ती कृतींची एक व्यवस्था आहे, आणि खेळाडू वर्षानुवर्षे जे आत्मसात करतो ती ही व्यवस्थाच होय.

मोजणीची पहिली अडचण २००१ मध्ये उत्पन्न झाली. त्या खेळात झेल्डा हे पात्र लढता लढता शीक या दुसऱ्या रूपात जाऊ शके. निवडीच्या फलकावर दोघींना मिळून स्थान एकच होते, परंतु देह दोन होते आणि कृतींच्या व्यवस्थाही दोन होत्या. स्थाने मोजली तर २५, देह मोजले तर २६. २००८ मध्ये ही गुंतागुंत वाढली. झेल्डा-शीक ही जोडी कायम राहिली. सॅमस आणि तिचे चिलखताविना रूप यांची नवी जोडी आली. शिवाय पोकेमॉन प्रशिक्षक हे असे पात्र आले की जे स्वतः लढतच नाही, त्याचे तीन प्राणी आळीपाळीने लढतात. म्हणून स्थाने ३५ आणि देह ३९. याच्या उलट 'आइस क्लाइंबर्स' या जोडीत दोन देह एकाच वेळी रिंगणात असतात व एकमेकांच्या साहाय्याने लढतात, तरी ती कोणत्याही पद्धतीने एकच मोजली जाते.

भाषाशास्त्राच्या अभ्यासकास ही अडचण अपरिचित वाटू नये. मराठीत 'जग' हा शब्द विश्व या अर्थी उच्चारला आणि 'जगणे' या धातूचे आज्ञार्थी रूप म्हणून उच्चारला, तर आरंभीचा वर्ण लिपीत एक आणि ध्वनीत दोन असतो. उलटपक्षी क्ष आणि ज्ञ ही जोडाक्षरे असूनही वर्णमालेच्या अखेरीस त्यांना स्वतंत्र जागा दिली जाते. 'मराठीत वर्ण किती?' या प्रश्नाचे उत्तर म्हणूनच लिपी मोजावयाची की ध्वनी, यावर अवलंबून राहते. दोन्ही उत्तरे आपापल्या जागी बरोबर असतात. चूक होते ती एका भाषेची लिपी आणि दुसऱ्या भाषेचे ध्वनी मोजून त्या आकड्यांची तुलना केल्याने. खेळमालेच्या प्रचलित तुलनांत नेमके हेच घडते. २००१ साठी २५ हा स्थानांचा आकडा आणि २०१८ साठी ८९ हा देहांचा आकडा शेजारी मांडला, की वाढ आहे त्याहून मोठी भासू लागते.

२०१८ च्या खेळाने या बाबतीत एक लक्षणीय गोष्ट केली. त्याने मालेतील सर्व पात्रांना त्यांच्या प्रथमप्रवेशाच्या क्रमाने अनुक्रमांक दिले. १ ते १२ हे क्रमांक १९९९ च्या पात्रांचे, १३ ते २६ हे २००१ मध्ये आलेल्यांचे आणि २७ ते ४४ हे २००८ मध्ये आलेल्यांचे आहेत. शीक व झेल्डा यांना १६ व १७ हे स्वतंत्र क्रमांक मिळाले. प्रशिक्षकाच्या तीन प्राण्यांना ३३, ३४, ३५ हे क्रमांक मिळाले, प्रशिक्षकास मात्र स्वतःचा क्रमांक मिळाला नाही. थोडक्यात, मालेने स्वतःच देह हे एकक स्वीकारले आणि ते मागील खेळांनाही लागू केले. तुलनेसाठी यापरते अधिकृत प्रमाण मिळणे कठीण.

परंतु याच क्रमांकनाने दुसरा प्रश्न निर्माण केला. सात पात्रांना स्वतंत्र अंक न देता मूळ पात्राचाच अंक एका चिन्हासह देण्यात आला. जपानी आवृत्तीत अशा पात्रांस 'डॅश' म्हणतात व अंकापुढे गणितातील डॅशचे चिन्ह येते. इंग्रजीत त्यांना 'एको', म्हणजे प्रतिध्वनी, असे नाव आहे. पीच १३ तर डेझी १३ डॅश, मार्थ २१ तर लुसिना २१ डॅश, र्यू ६० तर केन ६० डॅश. शेवटच्या अंकाला विश्वासून मोजले तर ८२, ही सात पात्रे मिळविली तर ८९, आणि त्यांतून प्रशिक्षकाचे तीन प्राणी एक व आलटून-पालटून लढणाऱ्या पायरा-मिथ्रा या दोघी एक धरल्या तर ८६. निवडीच्या फलकावर डॅश-पात्रे मूळ पात्राखाली दुमडून ठेवावयाची की सुटी मांडावयाची, हेही खेळाडूच्या इच्छेवर सोडलेले आहे. निर्णय टाळण्याचा इतका प्रामाणिक प्रकार क्वचितच आढळेल.

या चिन्हाची कसोटी काटेकोर आहे काय, हे तपासले असता उत्तर नकारार्थी द्यावे लागते. मार्थच्या तलवारीचे टोक लागले तर प्रहार सर्वांत जोराचा होतो. लुसिनाच्या पात्याचा जोर सर्वत्र सारखा असतो. बाकीच्या हालचाली बहुतांशी समान असल्या तरी या एका भेदामुळे शत्रूपासून किती अंतर राखावे याचे सारे गणित बदलते. स्वनिमविचाराच्या परिभाषेत हे भेदक लक्षण आहे, आणि ही दोन पात्रे म्हणजे लघुतम भेदाची जोडी होय. पीच व डेझी यांच्यात असा भेद जवळजवळ नाही. तेथे केवळ वेष आणि वाणी बदलते, म्हणजे त्या एकाच एककाची पर्यायी रूपे आहेत. असे असून दोन्ही जोड्यांस चिन्ह एकच. याउलट बाउझर ज्युनिअर या पात्राच्या जागी ज्यांना निवडता येते ती सात कूपा भावंडे नावाने व रूपाने भिन्न असूनही क्रमांकास अपात्र ठरली. ७२ या एका अंकाखाली तर 'ड्रॅगन क्वेस्ट' मालेतील चार निरनिराळे नायक सामावले आहेत. डेझी मोजावयाची आणि ही भावंडे मोजावयाची नाहीत, याचे कार्यावर आधारलेले समर्थन देता येत नाही. डॉक्टर मारिओची स्थिती आणखी वेगळी. तो व्यक्ती म्हणून मारिओच आहे, त्याचे बरेचसे प्रहारही मारिओचेच आहेत, तरी त्यास १८ हा पूर्ण अंक आहे. तो २००१ पासूनचा रहिवासी, डेझी २०१८ ची नवागत. ज्येष्ठत्वाखेरीज या भेदाचे दुसरे कारण सापडत नाही. लुसिनाही २०१४ मध्ये कोणत्याही चिन्हाविना आली होती. चार वर्षांनी पात्र बदलले नाही, वर्गीकरण बदलले.

एकक अपूर्ण असले तरी ते सर्वत्र सारखे लावले, तर तुलना शक्य होते. देह हे एकक धरून आणि डॅश-पात्रे स्वतंत्र मानून मांडणी केली असता चित्र असे दिसते. २००१ मध्ये १४ पात्रे नवी आली आणि एकही गळले नाही, एकूण २६. २००८ मध्ये १८ नवी आली आणि ५ गळली, एकूण ३९. २०१४ च्या खेळात प्रकाशनसमयी, खेळाडूने स्वतः चेहरामोहरा देऊन घडवावयाच्या योद्ध्यांचे तीन प्रकार धरून, १७ नवी होती, २००८ च्या यादीतील ६ गळली होती, पूर्वी गळलेले एक परतले होते, एकूण ५१. फेब्रुवारी २०१६ पर्यंत आलेल्या ७ पुरवणी-पात्रांमुळे ती ५८ झाली. डिसेंबर २०१८ मध्ये ७६ पात्रे होती, आणि ऑक्टोबर २०२१ मध्ये सोरा हे अखेरचे पात्र येईतो ती ८९ झाली.

या मांडणीतून एक अनपेक्षित गोष्ट निष्पन्न होते. सर्वांत मोठी यादी असलेल्या २०१८ च्या खेळात प्रकाशनसमयी नव्या पात्रांची संख्या सर्वांत कमी, म्हणजे अवघी ११ होती, आणि त्यांतील ५ डॅश-पात्रे होती. निखळ नवी अशी ६ च. नंतर आलेल्या १३ पुरवणी-पात्रांनी ही उणीव भरून काढली हे खरे. परंतु ती वेगळी किंमत देऊन घ्यावयाची होती. नावीन्य हा निकष मानणाऱ्याने २००८ च्या खेळास अधिक गुण द्यावेत हे न्याय्य ठरेल. मग २०१८ च्या खेळाची थोरवी कशात?

तिचे उत्तर आकड्यात नाही, गुणोत्तरात आहे. तोवर मालेत येऊन गेलेल्या सर्व पात्रांपैकी किती उपस्थित आहेत, असा प्रश्न प्रत्येक टप्प्यास विचारावा. २००१ मध्ये १२ पैकी १२. २००८ मध्ये २६ पैकी २१. २०१४ मध्ये, पुरवणी धरूनही, ४४ पैकी ३७. आणि २०१८ मध्ये ६५ पैकी ६५, तीही पहिल्याच दिवशी. यादी मोठी होत असताना सातत्य मात्र २००८ पासून खंडित होते. ते २०१८ मध्ये पूर्णपणे सांधले गेले.

गळतीचा अर्थ खेळाडूच्या बाजूने पाहिला पाहिजे. २०१४ मध्ये आइस क्लाइंबर्स वगळले गेले, कारण लहान यंत्रास त्या जोडीचा भार पेलेना, आणि दोन्ही यंत्रांवरील पात्रे सारखीच ठेवावयाची असल्याने मोठ्या यंत्रावरूनही ती गेली. ही कारणमीमांसा स्वतः साकुराई यांनी दिलेली आहे. कोनामी कंपनीचा स्नेक हाही त्या खेळात नव्हता, मात्र त्याच्याबरोबरच २००८ मध्ये बाहेरून आलेला सेगा कंपनीचा सॉनिक राहिला. ३९ वरून ५८ अशी वाढ सांगणाऱ्या आकड्यात हा वियोग कोठेच उमटत नाही. दोन देह एकाच वेळी चालविण्याचे जे कौशल्य एखाद्याने तेरा वर्षांत कमावले, ते पात्रासह बव्हंशी निरुपयोगी झाले. कारण त्या कौशल्यास दुसऱ्या पात्रात तंतोतंत तशीच जागा नव्हती. संस्कृतातील द्विवचन प्राकृतात लोपले तेव्हा त्याचे कार्य अनेकवचनाने उचलले. येथे लोप पावलेल्या रूपाचे कार्य पूर्णपणे उचलणारे दुसरे रूप नव्हते. बेरजेत एक उणा झाला. व्यवस्थेतून एक कोटीच नाहीशी झाली.

म्हणूनच जून २०१८ मध्ये नव्या खेळाचे तपशील जाहीर करताना 'सर्वजण आले आहेत' या आशयाचे जे वाक्य पुढे करण्यात आले, ते 'सर्वांत अधिक पात्रे' या दाव्याहून वेगळ्या जातीचे होते. त्यात संख्येचा अभिमान नव्हता, परत आल्याची ग्वाही होती. खेळाची रचनाही या वाक्याशी सुसंगत आहे. प्रारंभी खेळाडूस केवळ ८ पात्रे मिळतात, आणि ती १९९९ च्या खेळात आरंभी मिळणारीच ८ असतात. तेथून खेळत खेळत तो पूर्ण यादीपर्यंत पोहोचतो.

या पूर्णत्वाचे मोलही चुकवावे लागते. प्रकाशनसमयी नवी पात्रे थोडी राहिली, आणि डॅश-चिन्हाच्या सैल वापराने यादी थोडी फुगली, हे दोष मान्य केले पाहिजेत. त्याहून गंभीर परिणाम पुढील काळाचा आहे. ज्या मालेने एकदा ६५ पैकी ६५ हे प्रमाण साधले, तिच्या यापुढील प्रत्येक कृतीचे मोजमाप ८९ या छेदाने होणार. नवी कृती ६० पात्रांची झाली तर ती १९९९ च्या पाचपट असूनही २९ जणांच्या अनुपस्थितीची कृती म्हणून ओळखली जाईल. हा निवाडा तिला अन्यायकारक ठरू नये अशी इच्छा असेल, तर समीक्षकाने बेरजेच्या आधी तीन गोष्टी स्पष्ट सांगाव्यात : कोणते एकक मोजले, कोणत्या तारखेस मोजले, आणि पूर्वीच्यांपैकी कोण नाही. पहिल्या दोन गोष्टींनी आकडा शुद्ध होतो. तिसरीने तो आकडा कोणाला किती महाग पडला हे कळते.