गुंड्याभाऊंचें ऐकणें

नाटकाचें परीक्षण लिहितांना नायकास चार परिच्छेद द्यावे आणि त्याच्या सोबत्याची ‘भूमिका ठीक वठली’ एवढ्या अर्ध्या वाक्यांत बोळवण करावी, ही आम्हां टीकाकारांची जुनी वहिवाट आहे. २८ ऑगस्ट २०२५ रोजीं वृद्धपणीं बाळ कर्वे निवर्तले, तेव्हां ती वहिवाट कितपत न्याय्य आहे, याचा विचार करणें आम्हांस अगत्याचें वाटलें.

मुंबईचें दूरदर्शन केंद्र २ ऑक्टोबर १९७२ रोजीं सुरू झालें. त्याच दशकांत चिं. वि. जोशी यांच्या कथांवरून ‘चिमणराव’ ही मालिका तेथें निघाली. चिमणराव दिलीप प्रभावळकर, गुंड्याभाऊ कर्वे. वाट सोपी नव्हती. मास्टर विनायकांच्या ‘सरकारी पाहुणे’ (१९४२) या बोलपटांत दामुअण्णा मालवणकर व विष्णुपंत जोग यांनीं हीच जोडी पूर्वीं गाजविली होती.

खरी अडचण मात्र निराळी होती. मूळ कथा चिमणराव स्वतः सांगतात; गुंड्याभाऊ आपणांस दिसतो तो त्यांच्याच नजरेनें. पडद्यावर हें निवेदन गळून पडतें आणि सोबत्यास स्वतःच्या पायांवर उभें राहावें लागतें. कर्व्यांनीं यावर काढलेला उपाय आमच्या मतें त्यांच्या कलेचें मर्म होय: ते नीट ऐकत. चिमणरावांची फजिती होत असतां त्यांच्या चेहऱ्यावर उपहास नसतो, असते ती भावासाठीं काळजी. त्यामुळें हंशा पिकतो, पण चिमणराव हास्यास्पद होत नाहींत. कचित् त्यांचा आवाज रंगभूमीच्या पट्टींतच राहतो व लहान पडद्यास जड होतो, एवढी उणीव नमूद केली पाहिजे.

त्या काळीं दूरदर्शनवर नटाचा संसार चालत नसे. कर्व्यांनीं मुंबई महानगरपालिकेंत दीर्घकाळ नोकरी केली. ती सांभाळून ‘रथचक्र’सारखीं नाटकेंहि केलीं. तरी लोकांनीं त्यांस अखेरपर्यंत गुंड्याभाऊ म्हणूनच हांक मारली. हा गौरव खरा. पण एका भूमिकेनें बाकीचें काम झांकून टाकावें, ही दुय्यम नटाच्या वांट्यास येणारी उपेक्षाच नव्हे काय?

आमचें बालपण भूम तालुक्यांतील ईट येथें गेलें. त्या वेळीं मुंबईच्या केंद्राच्या लहरी तेथवर पोहोंचत नसत. आमचा गुंड्याभाऊ पुस्तकांतला. कर्वे भेटले ते फार पुढें, उरल्यासुरल्या चित्रफितींतून. फिती महाग म्हणून त्या पुसून पुन्हां वापरण्याचा तो काळ होता. पुस्तक फाटलें तर नवी आवृत्ति निघते. नटाचें ऐकणें एकदां पुसलें गेलें कीं तें पुन्हां छापतां येत नाहीं. म्हणून अर्ध्या वाक्याची वहिवाट टीकाकारांनीं तरी आतां सोडावी.