टॉल्किन यांची कालगणना : परिशिष्ट की कथनाचा भाग?

जे. आर. आर. टॉल्किन यांच्या ‘द लॉर्ड ऑफ द रिंग्ज’च्या तिसऱ्या खंडास (१९५५) जोडलेले कालगणनेचे परिशिष्ट सहसा न वाचता सोडले जाते. लेखकाची विद्वत्तापूर्ण हौस, एवढेच त्याचे मोल मानणे अन्यायाचे आहे.

शायर प्रांतातील हॉबिटांच्या वर्षात तीस दिवसांचे बारा महिने असतात. उरलेले पाच दिवस महिन्यांबाहेर राहतात : दोन वर्षसंधीला, तीन ऐन उन्हाळ्यात. लीप वर्षी त्यांत आणखी एकाची भर पडते. पुढील सुधारणेत वर्षाचा मध्यदिन आणि हा जादा दिवस यांना वारच ठेवला नाही. परिणामी प्रत्येक तारखेचा वार कायमचा ठरून गेला. (आपल्या अधिक मासात मंगलकार्ये थांबतात, वार थांबत नाहीत.) या सोयीतून हॉबिटांचा स्वस्थताप्रिय स्वभाव अनेक वर्णनांहून अधिक प्रत्ययकारी होतो.

खरे मर्म मात्र कालगणनांच्या विसंवादात आहे. मुद्रिकेचा नाश २५ मार्चला होतो व गोंडोरचे राज्य त्याच दिवसापासून नवे वर्ष मोजू लागते. शायरमध्ये तो दिवस पाळल्याची नोंद नाही. हॉबिटनच्या परिसरात लोक नाचतात ते ६ एप्रिलला. कोणी म्हणे सॅमचा वाढदिवस, कोणी म्हणे सुवर्णवृक्षाचा पहिला बहर, कोणी म्हणे एल्फांचे नववर्ष. राजसत्तेची स्मृती आणि लोकस्मृती यांतील हे अंतर कादंबरीचाच आशय आहे.

तो परिशिष्टात राहिला, ही मर्यादा मान्य करावी लागते. मुख्य कथनात वाचकांच्या परिचयाचीच महिन्यांची नावे योजल्याने हे वेगळेपण झाकले जाते. घटनाक्रमाच्या कोष्टकात ‘३० फेब्रुवारी’ भेटते, तेव्हा कुठे वाचक थबकतो.