‘चांगल्या घरातली’ नटी

आमच्या धार-देवासकडच्या मराठी घरांत दुर्गा खोटे यांचा विषय निघाला की एक वाक्य हटकून येतं : त्यांच्यामुळे चांगल्या घरातल्या मुलींना सिनेमाचं दार उघडलं. पवारांच्या संस्थानांची ही गावं, इथे घराणं आधी विचारतात. वाक्य कौतुकाचं आहे, तरी मला ते खटकतं.

१९१३ साली फाळक्यांना तारामतीसाठी बाई मिळाली नाही. अण्णा साळुंके या पुरुषाने ती भूमिका केली. पण लगोलग आलेल्या ‘मोहिनी भस्मासुर’मध्ये दुर्गाबाई कामत आणि त्यांची मुलगी कमलाबाई, दोघींनी काम केलं. नवऱ्यापासून वेगळ्या झालेल्या दुर्गाबाई मुलीला वाढवत होत्या. त्या काय वाईट घरातल्या होत्या?

दुर्गा खोटे सॉलिसिटर लाडांची लेक, झेवियर्समध्ये शिकलेली. सासरची श्रीमंती ओसरली, दोन मुलगे पदरात. म्हणजे कारण तेच, संसाराचं. १९३१च्या ‘फरेबी जाल’ची जाहिरात त्यांच्या घराण्याच्या नावावर झाली, आणि चित्रपट सुमार निघाल्यावर बोल लागला तोही घराण्यालाच. ‘मी, दुर्गा खोटे’ या आत्मचरित्रात त्यांनी हे सांगितलं आहे. प्रतिक्रमणात आपण आलोचना करतो, घडलं ते न झाकता बोलतो, तसं ते मला वाटलं.

१९३२च्या ‘अयोध्येचा राजा’त त्या तारामती झाल्या. पण त्यांचं खरं काम मला दिसतं १९३६च्या ‘अमर ज्योती’त. मुलाचा ताबा नाकारला म्हणून सौदामिनी समुद्रावर चाचेगिरी करते. १९६०च्या ‘मुघल-ए-आझम’मधली जोधाबाईही मुलासाठीच तळमळते, पण ती नवरा आणि मुलगा यांच्यामध्ये अडकलेली. भारदस्त आवाज तोच, डोळे तेच. हातातली तलवार मात्र गेली. पुढे हिंदी सिनेमाने त्यांना आई करून बसवलं. १९७४च्या ‘बिदाई’साठी फिल्मफेअर मिळालं, तेही आईच्या भूमिकेला. हे त्यांचं नव्हे, पटकथा लिहिणाऱ्यांचं उणेपण.

त्या स्वतः बसून राहिल्या नाहीत. एकाच कंपनीला बांधून न घेता त्यांनी प्रभातमध्येही काम केलं आणि कलकत्त्यातही. तिथल्या ‘सीता’त त्या सीता होत्या. पुढे त्या निर्मितीत उतरल्या. १९५२ साली ‘फॅक्ट फिल्म्स’ काढली. नंतर ‘दुर्गा खोटे प्रॉडक्शन्स’मधून जाहिरातपट, लघुपट केले. आपण सगळ्याजणींनी दूरदर्शनवर आवडीने पाहिलेली ‘वागळे की दुनिया’ याच संस्थेची. हिशेब, माणसं, वेळापत्रक असं सगळं सांभाळायचं हे काम. कौतुक करताना आपण ते विसरतो आणि घराणं तेवढं लक्षात ठेवतो.

१९८३ साली त्यांना मिळालेला पुरस्कार फाळक्यांच्याच नावाचा होता. तो मान त्यांचाच. पण सिनेमाचं दार कुणी उघडलं हे मुलींना सांगताना आधी दुर्गाबाई कामतांचं नाव घ्यावं, मग दुर्गा खोट्यांचं. आणि दोघींचं घर कुठलं ते विचारू नये.