पाचगणीचा पियानो आणि लिव्हरपूलची टेप

मंडळी, विषय जाहीर झाला तेव्हा एकदोघांनी विचारलं, की परभणीत रॉक बँडचं काय काम? प्रश्न रास्त आहे. पण 'क्वीन' या बँडचा गायक फ्रेडी मर्क्युरी जगाला माहीत झाला त्याच्या किती तरी आधी तो आपल्या महाराष्ट्रात, पाचगणीत, एका बँडमध्ये पियानो वाजवत होता. त्या बँडचा एक सूरही आज आपल्याला ऐकता येत नाही. आणि जे सगळ्यात जुनं ऐकता येतं, त्यात पियानो नाही. या दोन गोष्टींच्या मधल्या जागेबद्दल मला बोलायचंय.

आधी माणूस. फारोख बलसारा, पारशी कुटुंब, जन्म १९४६, झांझिबार. वय आठच्या आसपास, तेव्हा आईवडिलांनी पाचगणीच्या सेंट पीटर्स शाळेत ठेवला. 'फ्रेडी' हे नाव तिथलंच. १९५८ मध्ये शाळेतल्या पाच पोरांनी बँड काढला, नाव 'द हेक्टिक्स'. गायला ब्रूस मरे, गिटारवर डेरिक ब्रांच, बासवर फरांग इराणी, ड्रमवर व्हिक्टरी राणा आणि पियानोवर आपला बलसारा. क्लिफ रिचर्ड, लिटल रिचर्ड यांची गाणी वाजवायचे. त्याचे शाळासोबती सांगतात, की रेडिओवर ऐकलेलं गाणं तो लगेच पियानोवर बसवायचा. लक्षात घ्या, मुख्य गायक तो नव्हता. चरित्रं लिहिणारे इथे जरा घाई करतात. पाचगणीच्या स्टेजवर त्यांना पुढचा सुपरस्टार दिसायला लागतो. दिसणारच, शेवट माहीत असला की सुरुवात सोपी वाटते!

आता त्याच काळात लिव्हरपूलला काय चाललं होतं बघा. ६ जुलै १९५७. वूल्टन गावातल्या चर्चची जत्रा. चर्चचं नावही सेंट पीटर्सच. तिथे जॉन लेनन आपल्या 'क्वॉरीमेन' या पोरासोरांच्या बँडबरोबर वाजवत होता. चहाच्या खोक्याला काठी आणि दोरी लावून केलेला बास, असा सगळा मामला. बॉब मॉलिन्यू नावाच्या तरुणाकडे ग्रुंडिग कंपनीचा टेपरेकॉर्डर होता, त्याने दोन गाणी टेप केली. त्याच दिवशी लेनन आणि पॉल मॅकार्टनी यांची पहिली भेट झाली, पण पॉल काही त्या टेपवर नाही. १९९४ मध्ये सदबीज या लिलावघरात ही टेप ७८,५०० पौंडांना गेली. आणि १९५८ मध्ये, म्हणजे पाचगणीत हेक्टिक्स सुरू झाला त्याच वर्षी, याच पोरांनी पर्सी फिलिप्स यांच्या घरातल्या छोट्या स्टुडिओत साडेसतरा शिलिंग देऊन आपली एक तबकडी कापून घेतली.

मग फरक गुणवत्तेचा होता का? मला नाही वाटत. फरक शेजाऱ्याकडे टेपरेकॉर्डर असण्याचा होता. इतिहासात कुणाचा आवाज राहतो, हे पुष्कळदा गळ्यापेक्षा यंत्राच्या मालकावर ठरतं.

आता मुख्य टेपकडे. बलसारा कुटुंब १९६४ मध्ये इंग्लंडला गेलं. फारोख ईलिंगच्या कॉलेजात ग्राफिक डिझाइन शिकला आणि १९६९ च्या उन्हाळ्यात 'आयबेक्स' नावाच्या बँडमध्ये शिरला. ९ सप्टेंबर १९६९ ला, म्हणजे तेविसावा वाढदिवस होऊन चारच दिवस झाले होते, लिव्हरपूलच्या 'सिंक' क्लबात हा बँड वाजला आणि जेफ हिगिन्स या मित्राने ते टेप केलं. त्याच्या गाण्याचं आज माहीत असलेलं सगळ्यात जुनं ध्वनिमुद्रण ते हे. त्यातलं बीटल्सचं 'रेन' २००० मध्ये अधिकृत संचात निघालं.

ऐकायला कसं आहे? खरं सांगू, खरखरीत आहे. खोली बंदिस्त, गिटार अंगावर येते, आवाज तिच्यातून वाट काढतो. पण 'रेन' हे गाणं मुद्दाम ऐका. मूळ बीटल्सच्या १९६६ च्या मुद्रणात स्टुडिओची करामत आहे. वाद्यं वेगाने वाजवून टेप संथ केली, लेननचा आवाज उलट संथ टेपवर घेऊन वेगाने फिरवला. त्यातला तो लांबवलेला, झोपाळलेला स्वर निम्मा लेननचा आणि निम्मा यंत्राचा. सिंक क्लबात असं यंत्र नाही. या पोराला तो स्वर छातीच्या जोरावर लांबवायचाय. तो जोर लावतो, स्वर धरायला बघतो, आणि धरताना आवाज ताणला जातो. पुढे ज्या सफाईसाठी तो ओळखला गेला ती इथे नाही. मला या टेपचं मोल तिथेच वाटतं. उपजत देणगीची जी कथा आपण त्याच्याभोवती रचली, ती ही टेप मोडते. हा माणूस शिकत होता. तेविसाव्या वर्षी, लोकांसमोर, दुसऱ्यांची गाणी गाऊन शिकत होता.

याच माणसाने सहा वर्षांनी 'बोहेमियन ऱ्हॅप्सडी'साठी एकाच टेपवर आवाजांचे थरांवर थर चढवले. सिंक क्लबात मात्र एकच थर आहे, आणि चुकलं ते चुकलेलंच राहिलंय.

त्या रात्रीची आणखी एक गंमत. ब्रायन मे आणि रॉजर टेलर श्रोत्यांत होते. शेवटी तेही स्टेजवर चढले, म्हणजे क्वीनचे तिघं पहिल्यांदाच एकत्र वाजले. आणि टेप त्याआधीच संपली होती. (हशा) चाहते याबद्दल हळहळतात. मी फारसा हळहळत नाही. ते सापडलं असतं, तर आपण बाकीची टेप पुढे पळवून फक्त तेवढंच ऐकलं असतं.

आता तुमच्या प्रश्नाकडे, परभणीचं काय? हेमा राईरकर आणि गी पॉइत्व्हाँ यांच्या प्रकल्पात जात्यावरच्या लाखाहून जास्त ओव्या लिहून घेतल्या गेल्या. त्यातल्या काहींचाच आवाज यंत्रावर आला, तोही बहुतेक १९९० च्या दशकात. त्यात आपल्या पूर्णा तालुक्यातल्या ताडकळसच्या एका बाईंचा आवाज आहे, सीतेच्या वनवासाच्या ओव्या. जरूर ऐका. ते त्यांचं 'पहिलं मुद्रण' म्हणायचं का? तांत्रिक अर्थाने म्हणा हवं तर. पण तोवर त्या बाईंच्या गाण्याला कित्येक दशकं झाली होती. आयबेक्सच्या टेपवर आवाज घडताना ऐकू येतो. ताडकळसच्या टेपवर तो पिकून तयार आहे, आणि घडला कसा याचा पुरावा कुठेच नाही. 'सगळ्यात जुनं मुद्रण' हा शब्द दोन्हींना सारखाच लावला, की टीकाकाराचं काम तिथेच बिघडतं.

म्हणून पाचगणीची टेप उद्या एखाद्या माळ्यावर सापडलीच, तर तिच्यात 'फ्रेडीचा आवाज' शोधू नका. गाणारा ब्रूस मरे असेल. मागे शाळेच्या पियानोवर बारातेरा वर्षांचा एक मुलगा असेल. डाव्या हाताचा ठेका तो सांभाळतोय का, कानाने उचललेल्या गाण्यात स्वतःचं काही घालतोय का, की जसंच्या तसं वाजवतोय, एवढं मला ऐकायचंय. आयबेक्सच्या टेपमधून यातलं काहीच कळत नाही.