बाहुलीचा उपहास आणि सत्तेची सहनशीलता

राज्यकर्त्यांची टवाळी करणारे नाट्य कोणत्याही समाजास आवडते. परंतु त्या टवाळीने सत्तेचे नेमके काय होते, याचा विचार क्वचितच केला जातो. ब्रिटनमध्ये आयटीव्हीवर १९८४ ते १९९६ या काळात चाललेली ‘स्पिटिंग इमेज’ ही मालिका या दृष्टीने अभ्यासण्याजोगी आहे.

पीटर फ्लक आणि रॉजर लॉ हे मूळचे अर्कचित्रकार. त्यांनी नेते, राजघराणे व नटनट्या यांच्या रबरी बाहुल्या घडविल्या. सिंधुदुर्गातील पिंगुळीच्या कळसूत्री बाहुल्या वरून दोऱ्यांनी नाचतात. या बाहुल्यांना मात्र खालून, आत हात घालून बोलते केले जाई. व्यक्तीचा एखादाच विशेष हेरून तो कमालीचा वाढवावयाचा, ही त्यांची रीत. मार्गारेट थॅचर पुरुषी कोट-टाय घालून मंत्र्यांना दरडावीत; पुढे पंतप्रधान झालेले जॉन मेजर नखशिखांत करडे दिसत.

येथेच या कलेची मर्यादाही दिसते. दरडावणाऱ्या बाहुलीने थॅचरबाईंचा दराराच वाढविला. मालिका ऐन भरात असताना, १९८७ साली, त्या पुन्हा निवडून आल्या. १९९० मध्ये त्यांना पायउतार केले ते त्यांच्याच पक्षाने. उलट, लिबरल नेते डेव्हिड स्टील यांना सहकारी डेव्हिड ओवेन यांच्या खिशातील चिमुकला बाहुला म्हणून दाखविले गेले. या चित्रणाने आपली प्रतिमा खालावली, असे स्टील यांनी पुढे सांगितले. म्हणजे घाव बसला तो सत्तेबाहेरील माणसाला! समीक्षकाने हा दोष नोंदविलाच पाहिजे.

तथापि अशा उपहासाचे मोल त्याच्या बंदीनंतर कळते. रशियात एनटीव्ही वाहिनीवर १९९४ पासून ‘कूक्ली’ ही याच धर्तीची मालिका चालू होती. जानेवारी २००० मध्ये तिने व्लादिमीर पुतिन यांना जर्मन लेखक हॉफमन यांच्या कथेतील कुरूप बुटक्याच्या रूपात दाखविले. एप्रिल २००१ मध्ये वाहिनी सरकारी वर्चस्वाखालील गॅझप्रॉम कंपनीच्या ताब्यात गेली आणि २००२ मध्ये ‘कूक्ली’ संपली.

थॅचरबाईंची बाहुली त्यांच्या कारकीर्दीनंतरही पडद्यावर येत राहिली. पुतिन यांची बाहुली मात्र काही वर्षांतच नाहीशी झाली. बाहुलीने सत्ता उलथत नसेल. परंतु ती सत्ता किती सोसू शकते, हे तिच्याइतके स्वच्छ दुसरे कोणी दाखवीत नाही.