‘स्त्रीपुरुषतुलना’ आणि लज्जेचा प्रश्न

बुलढाण्याच्या ताराबाई शिंदे ह्यांचा ‘स्त्रीपुरुषतुलना’ हा निबंध १८८२ साली पुण्यास छापला गेला. स्त्रिया आणि पुरुष ह्यांपैकी साहसी कोण, हा प्रश्न त्याच्या लांबलचक मथळ्यातच घातलेला आहे. आजच्या वाचकास ‘साहसी’ हा शब्द गौरवाचा वाटेल. त्या काळच्या मराठीत मात्र साहस म्हणजे मर्यादा सोडून, परिणामाची पर्वा न करता केलेले दुष्कृत्य. स्मृतिकारांनी व्यवहाराची जी अठरा पदे सांगितली आहेत त्यांत ‘साहस’ हे एक पदच आहे, आणि बळजोरीचे अपराध त्याखाली येतात. तेव्हा हा मथळा वस्तुतः आरोपपत्राचा आहे. आरोपी कोण, एवढेच ठरावयाचे राहिले आहे. स्त्रीशिक्षणाच्या इतिहासातील एक आदरणीय अवशेष म्हणून ह्या निबंधास नमस्कार करून पुढे जाण्याची चाल पडली आहे. प्रस्तुत लेखकास तो लज्जेविषयी मराठीत झालेला अत्यंत निर्भीड युक्तिवाद वाटतो, आणि त्याच दृष्टीने त्याचा येथे विचार करावयाचा आहे.

निबंधास निमित्त झाले ते एका खटल्याचे. सुरत जिल्ह्यातील ओलपाडची विजयालक्ष्मी ही तरुण ब्राह्मण विधवा. स्वतःच्या नवजात अर्भकाचा खून केल्याच्या आरोपावरून १८८१ साली सुरतेच्या सत्र न्यायालयाने तिला फाशीची शिक्षा दिली. अपिलात फाशी जाऊन काळे पाणी आले, आणि पुढे तीही शिक्षा पाच वर्षांवर उतरली. ह्या प्रकरणाचा वर्तमानपत्रांत मोठा गवगवा झाला. ‘पुणे वैभव’सारख्या सनातनी पत्राने एका अभागी स्त्रीच्या कृत्यावरून साऱ्या स्त्रीजातीच्या नीतीचे माप काढले. ताराबाईंना झोंबले ते हेच. विजयालक्ष्मीने खून केला नाही, असे त्या कोठेही म्हणत नाहीत. खून झाला, पण त्या खुनाकडे तिला ढकलीत नेणारे हात किती होते ते मोजा, असे त्यांचे मागणे आहे.

हे मागणे भावनेचे आहे असे समजून आम्हा वकिलांना ते बाजूस सारता येणार नाही. त्या काळचा कायदा उघडून पाहावा. १८६०च्या दंडसंहितेत व्यभिचाराचे ४९७ वे कलम होते. परंतु दुसऱ्याच्या पत्नीशी, तिच्या पतीच्या संमतीवाचून, संबंध ठेवला तरच त्याखाली गुन्हा होत असे. विधवेला पती नाही, म्हणून तिच्याशी संबंध ठेवणाऱ्या पुरुषाने कायद्याच्या लेखी कोणाचाच अपराध केलेला नसे. (ते कलम सर्वोच्च न्यायालयाने २०१८ साली रद्द केले, पण त्याची कारणे निराळी होती.) गर्भ राहिल्यानंतर मात्र एकामागून एक कलमे तिची वाट पाहत उभी असत. जन्म लपविण्यासाठी मृत अर्भकाची गुपचूप विल्हेवाट लावली तर ३१८, टाकून दिले तर ३१७, मारले तर ३०२. तीनशे सतराव्या कलमात आईबरोबर बापाचाही उल्लेख आहे, हे खरे. पण बाप सापडावयाचा तर आधी तो आहे हे कोणी तरी सांगितले पाहिजे, आणि ते सांगणे म्हणजेच तिने आपल्या तोंडाने आपली अब्रू चव्हाट्यावर आणणे.

पुनर्विवाहाचीही तीच गत. १८५६च्या कायद्याने विधवेस लग्नाची मोकळीक दिली, पण लग्न केल्यास पहिल्या पतीच्या इस्टेटीवरील तिचा हक्क गेला, असे त्याच कायद्यात लिहून ठेवले. उलट आसामातून गेलेल्या मनिराम कोलिता प्रकरणात प्रिव्ही कौन्सिलने १८८० साली असा निर्णय दिला की, एकदा मिळालेली पतीची इस्टेट विधवेच्या नंतरच्या दुर्वर्तनामुळे जात नाही. निर्णय कायद्याच्या अन्वयार्थाने बरोबरच होता. पण दोन्ही एकत्र वाचले म्हणजे काय निघते? उघड, सन्मानाने लग्न करणारी इस्टेटीस मुकावी. झाकून संबंध ठेवणारीची इस्टेट शाबूत राहावी. ताराबाईंनी हे निवाडे कोठे आधाराला घेतलेले नाहीत. तरी न्यायालयांनी कलमांच्या बाजूने जी गाठ पाहिली, तीच त्यांनी माजघराच्या बाजूने पाहिली आणि बोट ठेवून दाखविली.

त्यांची पद्धत उलटतपासणीची आहे. स्त्रियांच्या दुर्गुणांची जी यादी संस्कृत सुभाषितांपासून पिढ्यान्‌पिढ्या चालत आली, ती त्या समोर ठेवतात. स्त्री कपटी, अविचारी, मत्सरी, साहसी. आरोप नाकारीत बसण्यात त्या वेळ दवडीत नाहीत. वादापुरता तो मान्य करतात आणि लगेच विचारतात की, हाच दुर्गुण तुमच्यात किती आहे? लाच खाणारा, खोटी साक्ष देणारा, बाहेर सुधारणेची व्याख्याने झोडून घरात लेकीचे वैधव्य निमूट पाहणारा पुरुष एकामागून एक पिंजऱ्यात येऊन उभा राहतो. ‘मुक्तामाला’, ‘मंजुघोषा’ ह्या त्या वेळी घरोघर वाचल्या जाणाऱ्या कादंबऱ्याही त्यांच्या झडतीतून सुटत नाहीत. कथाकारांनी रंगविलेल्या स्त्रिया खऱ्या संसारात कोठे भेटतात, असा त्यांचा प्रश्न आहे. मराठीत कादंबरीची टीका अजून रांगत होती, त्या काळात हा प्रश्न एका गृहिणीने विचारावा ही लहान गोष्ट नव्हे.

देवादिकांच्या कथांवरही त्या बोलतात, आणि येथे श्रद्धाळू वाचक अडखळतो. सावित्री पतीसाठी यमापर्यंत गेली. पत्नीसाठी तसा गेलेला कोणी पुरुष ऐकिवात आहे काय, असे त्या विचारतात. वाक्य टाळी घेणारे आहे, पण पुराव्याच्या दृष्टीने ते टिकत नाही. महाभारताच्या आदिपर्वात रुरूची कथा आहे. प्रमद्वरेशी त्याचे लग्न ठरलेले असता ती सर्पदंशाने मरण पावली, तेव्हा रुरूने आपले अर्धे आयुष्य देऊन तिला उठविले. म्हणजे असा पुरुष होऊन गेला. परंतु ही चूक दाखवून ताराबाईंस निरुत्तर करावयास निघालेल्या शास्त्र्यानेच अडचणीत यावे, अशी स्थिती आहे. ज्येष्ठी पौर्णिमेस वडाला सूत गुंडाळणाऱ्या स्त्रिया गावोगाव दिसतात. रुरूच्या नावाचे व्रत कोणत्या गावचे पुरुष करतात? कथा परंपरेत होती. आचारासाठी निवड करताना समाजाने एक उचलली आणि दुसरी पोथीत राहू दिली. ताराबाईंना खरे भांडण ह्या निवडीशी मांडता आले असते आणि ते अधिक जड ठरले असते.

लज्जेविषयीही हेच म्हणता येईल. गीतेच्या सोळाव्या अध्यायात ‘ह्री’ दैवी संपत्तीत गणली आहे. तेथे ती अर्जुनास सांगितली आहे, सुभद्रेस नव्हे. ज्ञानेश्वरांनी तिचा विस्तार केला तो देहधारी जिण्याचीच लाज वाटण्यापर्यंत नेला. जन काय म्हणतील ह्या भीतीला त्यात जागा नाही. सप्तशतीत देवीला लज्जारूपाने वंदन केले आहे ते सर्व भूतांच्या ठायी वसणारी म्हणून. नवरात्रात आपल्या देवळांतून हा पाठ दरवर्षी होतो. मग ही सर्वांची लज्जा केवळ स्त्रीच्या पदराला कधी बांधली गेली? आणि बांधताना तिचे रूपच पालटले. लज्जा म्हणजे स्वतःच्या कृत्याकडे पाहून स्वतःस वाटणारा संकोच. अब्रू म्हणजे दुसऱ्याच्या डोळ्यांचा धाक. विजयालक्ष्मीच्या हातून जे घडले ते अब्रूने घडविले. तिला लाज नव्हती असे जे लिहीत होते, त्यांच्याच धाकाने तिने ते केले.

ताराबाईंच्या आधी ह्या प्रश्नास हात घातला तो जोतीराव व सावित्रीबाई फुले ह्यांनी. १८६३ साली पुण्यात त्यांनी बालहत्या प्रतिबंधक गृह काढले. मलबारींच्या टिपणांवर १८८४ साली दिलेल्या अभिप्रायात फुल्यांनी काशीबाई नावाच्या ब्राह्मण विधवेची हकीकत सांगितली आहे: एका शास्त्र्यापासून तिला दिवस गेले, तिने मूल मारले, आणि तिला अंदमानास जावे लागले. आपल्या पंढरपुरातही १८७५ साली असा आश्रम निघाला. क्षेत्राच्या ठिकाणी त्याची गरज का भासली, हे वारीला जाणाऱ्या जुन्या मंडळींना सांगावयास नको. यात्रेच्या निमित्ताने घराबाहेर काढलेली विधवा पुष्कळदा एकटीच मागे राहत असे. ह्या संस्थांचे बळ गुप्ततेत होते. गुपचूप या, बाळंत व्हा, जा. जीव वाचविण्यास तोच मार्ग होता आणि त्याचे मोल कमी लेखण्याचे कारण नाही. ताराबाईंचा मार्ग मात्र अगदी उलटा आहे. त्या झाकावयास जागा मागत नाहीत. दुसरा माणूस कोठे आहे, त्याला पुढे आणा, असे म्हणतात. फुल्यांनी १८८५च्या ‘सत्सार’मध्ये त्यांची बाजू उचलून धरली, ह्याचे ह्या भेदामुळे अधिकच महत्त्व वाटते.

निबंधात दोष आहेत. इंग्रज सरकारची स्तुती इतकी सढळ आहे की, त्याच सरकारच्या दंडसंहितेने पुरुषास मोकळे सोडले होते, ह्याची दाद लेखिकेस लागलेली दिसत नाही. सासवा, नणंदा आणि शेजारणी ह्यांनी अब्रूचा पहारा किती कडक चालविला, त्याचा हिशेब त्यांनी फारसा मांडलेला नाही. रचना विस्कळीत आहे. एक विषय संपण्यापूर्वी दुसरा घुसतो, आणि शिव्याशाप मधूनमधून युक्तिवादाला गिळतात. चिपळूणकरांच्या घडीव गद्यावर वाढलेल्या वाचकास ही भाषा ओबडधोबड वाटणे साहजिक आहे. परंतु ओट्यावर उभे राहून तावातावाने बोलणाऱ्या बाईची ही भाषा आहे, आणि मराठी गद्यात ती तोवर क्वचितच आली होती.

बुलढाणे हे वऱ्हाडच्या घाटावरचे गाव. त्या पठारालाही जुन्या काळी बालाघाटच म्हणत. आमचा बालाघाट निराळा, वैनगंगेकाठचा; पण १९०३ ते १९५६ ही दोन्ही ठिकाणे एकाच प्रांतात होती. तरी आमच्याकडील मराठी घरांतून ताराबाईंचे नाव ऐकू येत नसे, आणि ह्यात आमच्या लोकांचा विशेष दोष नाही. पुस्तकाच्या पाचशे प्रती निघाल्या होत्या, किंमत नऊ आणे. पुढे ते जे दिसेनासे झाले ते स. गं. मालशे ह्यांनी १९७५ साली पुन्हा छापीपर्यंत. रोझलिंड ओहॅन्लन ह्यांचे इंग्रजी भाषांतर १९९४ साली आले, आणि तेव्हापासून ताराबाई विद्यापीठांत वाचल्या जाऊ लागल्या.

विद्यापीठांबाहेर त्या वाचल्या जाव्यात, असे वाटण्यास कारण आहे. देवळाच्या पायरीवर किंवा नाल्याच्या काठी अर्भक सापडल्याची बातमी आजही अधूनमधून येते, आणि तिच्या मथळ्यात ‘निर्दयी माता’ हे दोन शब्द ठरलेले असतात. ‘निर्दयी पिता’ असा मथळा प्रस्तुत लेखकाने तरी पाहिलेला नाही. २०२४च्या जुलैपासून जुन्या दंडसंहितेची जागा भारतीय न्याय संहितेने घेतली. ३१७ व ३१८ ही कलमे ९३ व ९४ झाली, मजकूर बहुतांशी तोच राहिला.

निबंधाची नवी आवृत्ती कोणी काढणार असेल, तर एक सूचना करावीशी वाटते. ताराबाईंचा मजकूर एकटाच छापला म्हणजे त्या वाऱ्याशी भांडत आहेत असे वाटते. त्याच्या एका बाजूस विजयालक्ष्मीच्या खटल्याची हकीकत आणि दुसऱ्या बाजूस त्या वेळच्या वर्तमानपत्रांतील लेख बांधावेत. शेवटी १८५६च्या कायद्याचे दुसरे कलम, दंडसंहितेची ती चार कलमे आणि मनिराम कोलिता प्रकरणाचा सारांश मराठीत द्यावा. पुस्तक फार मोठे होणार नाही.